रॉयबॉस : एका झुडुपाचा इतिहास आणि ज्ञानाच्या मालकीचा प्रश्न

१

दक्षिण आफ्रिकेच्या नैर्ऋत्य भागात, केप टाउनच्या उत्तरेस सुमारे २०० ते ३०० किलोमीटरांवर, सीडरबर्ग नावाची वालुकाश्माची पर्वतराजी आहे. ह्या पर्वतराजीत आणि तिच्या लगतच्या पठारांवर सुईसारख्या पानांचे, पिवळ्या फुलांचे एक झुडूप उगवते. आफ्रिकान्स भाषेत त्यास ‘रॉयबॉस’ म्हणजे ‘तांबडे झुडूप’ असे म्हणतात. वनस्पतिशास्त्रात त्याचे नाव अस्पॅलॅथस लिनिॲरिस असे आहे. ह्या झुडुपाच्या कोवळ्या फांद्या व पाने तोडून, ठेचून, आंबवून आणि उन्हात वाळवून जे पेय करतात, ते आज जगातील अनेक देशांत चहाप्रमाणे विकले जाते. खऱ्या चहाच्या रोपाशी ह्या झुडुपाचा काहीही संबंध नाही. ते शिंबावंत कुळातील, म्हणजे आपल्याकडील हरभरा-तुरीच्या कुळातील आहे.

इतक्या लहान प्रदेशात आढळणाऱ्या ह्या झुडुपाकडे इतिहासाच्या अभ्यासकाने लक्ष देण्याचे कारण निराळे आहे. २०१९ साली दक्षिण आफ्रिकेत रॉयबॉसचा उद्योग आणि खोई व सान ह्या आदिवासी समाजांच्या परिषदा ह्यांच्यामध्ये एक करार झाला. ह्या झुडुपाचे ज्ञान मूळचे खोई व सान लोकांचे आहे, यास्तव व्यापारातून होणाऱ्या लाभाचा काही अंश त्यांस मिळाला पाहिजे, हे त्या कराराने मान्य केले. ‘हे ज्ञान प्रथम कोणाचे?’ हा प्रश्न स्वरूपतः ऐतिहासिक आहे. परंतु येथे त्याच्या उत्तरावर पैशाचे वाटप अवलंबून राहिले. ऐतिहासिक पुरावा जेव्हा हक्काचा आधार बनतो, तेव्हा त्या पुराव्याची छाननी किती कसोशीने व्हावयास हवी, आणि जेथे पुरावा मूक असतो तेथे त्या मौनाचा अर्थ कसा लावावा, ह्याचा विचार रॉयबॉसच्या उदाहरणावरून चांगला करता येतो.

२

प्रथम ह्या वनस्पतीची प्रकृती पाहिली पाहिजे. कारण तिच्या इतिहासाची पुष्कळशी वळणे तिच्या प्रकृतीतून निघाली आहेत.

केपच्या ज्या झुडपी वनस्पतिसृष्टीस ‘फेनबॉस’ असे म्हणतात, तिचा रॉयबॉस हा एक घटक होय. अस्पॅलॅथस ह्या प्रजातीत अडीचशेहून अधिक जाती आहेत आणि त्या जवळजवळ सर्व केप प्रदेशातच सापडतात. रॉयबॉसला हिवाळ्यात पडणारा पाऊस, कोरडा व कडक उन्हाळा आणि वालुकाश्मापासून झालेली आम्लधर्मी, निःसत्त्व रेताड जमीन लागते. त्याचे सोटमूळ खोल जाते व मुळांवरील गाठींतील जंतू हवेतील नत्र धरून ठेवतात. म्हणून इतर पिकांस न मानवणाऱ्या जमिनीतही ते तग धरते. मात्र ह्या सर्व गोष्टी एकत्र असल्याखेरीज ते नीट वाढत नाही. सीडरबर्गच्या परिसराबाहेर त्याची मोठ्या प्रमाणावर व्यापारी लागवड करण्याचे प्रयत्न आजवर फळास आलेले नाहीत.

त्याची फुले वसंत ऋतूत, म्हणजे तेथील सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सुमारास, येऊ लागतात. प्रत्येक लहानशा शेंगेत बहुधा एकच बी असते. शेंग पिकली की तडकते आणि बी दूर उडून वाळूत पडते. बियांचे कवच इतके कठीण असते की साधारण पेरणीने त्यांपैकी फारच थोड्या रुजतात. शेंग हाती येण्यापूर्वीच बी जमिनीत नाहीसे होणे आणि हाती आलेले बी न रुजणे, ह्या दोन अडचणींमुळे रॉयबॉसची लागवड दीर्घकाळ अशक्यप्राय होती.

तिसरे वैशिष्ट्य वणव्यासंबंधीचे आहे. फेनबॉस प्रदेशात वणवे ठरावीक काळाने येतच असतात. रॉयबॉसचे काही रानटी प्रकार वणव्यात वरून जळाले तरी जमिनीखालील खोडातून पुन्हा फुटतात व दीर्घकाळ जगतात. दुसरे प्रकार जळून मरतात आणि त्यांची पुढची पिढी बियांपासून उगवते. लागवडीखाली आलेला प्रकार ह्या दुसऱ्या गटातला आहे. तो लवकर वाढतो व उत्पन्न भरपूर देतो, पण थोड्याच वर्षांत थकतो. ह्या दोहोंतील भेद कोणी, केव्हा आणि कशासाठी ओळखला, हाही ज्ञानाच्या इतिहासाचाच भाग आहे.

३

युरोपीय लेखनात ह्या झुडुपाची पहिली नोंद शास्त्रीय नामकरणाच्या रूपाने आढळते. डच वनस्पतिशास्त्रज्ञ निकोलास लॉरेन्स बर्मन ह्याने १७६८ साली त्याचे वर्णन ‘सोरॅलिया लिनिॲरिस’ ह्या नावाने केले. केपच्या वनस्पतींची ही त्याची संक्षिप्त यादी त्याच्या ‘फ्लोरा इंडिका’ ह्या हिंदुस्थानविषयक ग्रंथासच जोडलेली होती. ही गोष्ट केवळ ग्रंथरचनेच्या सोयीची नव्हे. डच ईस्ट इंडिया कंपनीच्या दृष्टीने केप हे पूर्वेच्या वाटेवरील एक ठाणे होते, आणि तेथील निसर्गाचे ज्ञानही पूर्वेच्या ज्ञानाचे परिशिष्ट म्हणूनच संग्रहित होत होते. बर्मनच्या वर्णनात पान आहे, फूल आहे. हे झुडूप स्थानिक लोक वापरतात की नाही, वापरत असल्यास कशासाठी, ह्याचा त्या स्वरूपाच्या लेखनात अंतर्भाव होत नसे. पुढे निरनिराळ्या शास्त्रज्ञांनी त्याला निरनिराळी नावे दिली. विसाव्या शतकाच्या सातव्या दशकात स्वीडनमधील लुंड येथील रॉल्फ डालग्रेन ह्याने अस्पॅलॅथस प्रजातीचा सविस्तर अभ्यास करून हा गोंधळ दूर केला व आजचे नाव स्थिर झाले.

नामकरणानंतर येतो तो प्रवासवृत्तांत. लिनीयसचा शिष्य कार्ल पेटर थुन्बर्ग १७७२ ते १७७५ ह्या काळात केपमध्ये होता. त्याचा प्रवासवृत्तांत १७८८ पासून स्वीडिश भाषेत क्रमशः प्रसिद्ध झाला. रॉयबॉसविषयीच्या लोकप्रिय लेखनात आणि जाहिरातींत थुन्बर्गचा हवाला वारंवार दिला जातो. स्थानिक खोई लोक रॉयबॉसचा चहा करीत असल्याचे त्याने पाहिले, असे त्यावरून सांगितले जाते. मूळ नोंद तपासली असता मात्र दोन गोष्टी लक्षात येतात.

पहिली गोष्ट अशी की, थुन्बर्गने उल्लेखिलेली वनस्पती ‘बोर्बोनिया कॉर्डाटा’ ही आहे. तिची पाने रुंद व हृदयाकृती असतात. रॉयबॉसची पाने सुईसारखी असतात. डालग्रेनच्या वर्गीकरणानंतर ही वनस्पतीही अस्पॅलॅथस प्रजातीतच गणली जाते, म्हणून ती रॉयबॉसची जवळची नातलग ठरते. परंतु ती रॉयबॉस नव्हे. दुसरी गोष्ट अशी की, ही पाने चहासाठी वापरणारे लोक कोण, हे थुन्बर्गने निश्चित सांगितलेले नाही. त्याच्या वृत्तांताच्या इंग्रजी भाषांतरात जो शब्द येतो त्याचा अर्थ ‘खेड्यापाड्यांतील लोक’ असा होतो. त्यात युरोपीय वंशाचे शेतकरी, त्यांच्या मळ्यांवर राबणारे खोई आणि गुलाम ह्यांपैकी कोणाचाही समावेश होऊ शकतो.

सारांश, ज्या नोंदीवर प्राचीनत्वाची एवढी इमारत उभारली गेली, ती नोंद दुसऱ्याच वनस्पतीविषयी आहे आणि अनिश्चित लोकांविषयी आहे. तिच्यावरून एवढेच म्हणता येते की, अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात केपच्या ग्रामीण भागात ह्या प्रजातीच्या काही झुडपांच्या पानांचा चहा करण्याची रीत रूढ होती. ह्याहून अधिक काही त्या आधाराने म्हणता येत नाही.

४

ह्याच मुद्द्यावर विरुद्ध पक्षाचा आक्षेप उभा राहतो. रॉयबॉस उद्योगाच्या परिषदेने २०१७ साली बोरिस गोरेलिक ह्यांचा एक मानववंशशास्त्रीय आढावा प्रसिद्ध केला. वसाहतपूर्व काळात खोई वा सान लोक रॉयबॉसचा चहा पीत होते असे दाखविणारा लेखी पुरावा मिळत नाही, हा त्यातील युक्तिवादाचा गाभा होता. लेखी साधनांपुरते पाहिले तर हे विधान खोडून काढणे कठीण आहे. प्रश्न असा की, लेखी साधनांच्या मौनास ह्या ठिकाणी किती वजन द्यावयाचे?

ते वजन ठरविण्यासाठी हे मौन कसे निर्माण झाले ते पाहणे अवश्य आहे. सीडरबर्गमधील शिलाश्रयांत सान लोकांच्या पूर्वजांनी काढलेली चित्रे मोठ्या संख्येने आहेत. म्हणजे हा प्रदेश निर्जन नव्हता. सहस्रावधी वर्षे तेथे मनुष्यवस्ती होती. १६५२ साली यान फान रीबेक ह्याने डच कंपनीचे ठाणे केपमध्ये वसविले. १७१३ साली पूर्वेकडून परतणाऱ्या जहाजांवरील कपड्यांवाटे देवीची साथ केपमध्ये आली आणि तिने खोई समाजाची भयंकर हानी केली. त्यानंतरच्या दशकांत युरोपीय पशुपालक ऑलिफंट्स नदीच्या खोऱ्यात व त्यापलीकडे सरकले. पाण्याच्या जागा व कुरणे त्यांच्या हाती गेली. १७३८-३९ च्या सुमारास वायव्य सीमेवर खोई व सान लोकांनी प्रतिकार केला, तो ‘कमांडो’ नामक सशस्त्र पथकांनी मोडून काढला. उरलेले पुष्कळसे लोक मळ्यांवर मजूर व गुराखी झाले किंवा पुढे मिशनच्या वसाहतींत गेले. त्यांच्या भाषाही ह्या भागातून हळूहळू लोपल्या व त्यांची जागा डचपासून झालेल्या आफ्रिकान्सने घेतली. १९५० च्या लोकसंख्या नोंदणी कायद्याने त्यांचे वंशज ‘कलर्ड’ ह्या एका सरसकट वर्गात घातले गेले. त्यामुळे खोई हे नावही शासकीय कागदपत्रांतून जवळजवळ पुसले गेले.

ज्या समाजाची लोकसंख्या, जमीन, भाषा व नाव अनुक्रमे नष्ट वा दुर्बल झाले, त्याच्या दैनंदिन वनस्पतिज्ञानाची नोंद त्याच काळातील शासकांच्या दप्तरात सापडेल अशी अपेक्षा करणे सयुक्तिक नाही. अर्थात, पुराव्याचा अभाव म्हणजे वस्तूचा अभाव नव्हे, ह्या परिचित सूत्राचाही दुरुपयोग होऊ शकतो. पुरावा नष्ट झाला असावा एवढ्यावरून तो अमुकच गोष्टीचा होता असे सिद्ध होत नाही. मौनाचे कारण सांगता आले म्हणजे मौनाचा मजकूर वाचता आला, असे नव्हे.

ह्या संदर्भात हिंदुस्थानातील एका प्रकरणाशी तुलना उद्बोधक ठरेल. हळदीच्या जखमा भरून काढण्याच्या गुणावर अमेरिकेत १९९५ साली एकस्व दिले गेले होते. डॉ. रघुनाथ माशेलकर महासंचालक असताना भारताच्या वैज्ञानिक व औद्योगिक संशोधन परिषदेने त्यास आव्हान दिले आणि १९९७ साली ते रद्द झाले. त्या यशाचे कारण असे की, हळदीचा हा उपयोग जुन्या संस्कृत ग्रंथांत व आधुनिक भारतीय नियतकालिकांत छापील रूपाने दाखविता आला. घरोघरच्या स्त्रियांना जे ठाऊक होते, ते ग्रंथांतही होते. खोई व सान लोकांचे ज्ञान ग्रंथस्थ नव्हते. म्हणजे दोन्ही ठिकाणी लोकज्ञान सारखेच खरे मानले, तरी लेखनपरंपरा असलेला समाज आपला हक्क सिद्ध करू शकतो आणि ती नसलेला समाज करू शकत नाही. न्यायाची कसोटी केवळ लेखी पुराव्याची ठेवली, तर तिचा कल आरंभापासूनच एका बाजूस झुकलेला असतो.

५

विसाव्या शतकात आल्यावर चित्र पुष्कळ स्पष्ट होते. ह्या काळाचा वृत्तांत सामान्यतः दोन व्यक्तींच्या भोवती सांगितला जातो. पहिला बेंजामिन गिन्सबर्ग. रशियातून आलेल्या ह्या ज्यू व्यापाऱ्याने १९०४ च्या सुमारास क्लॅनविल्यम येथे रॉयबॉसचा व्यापार सुरू केला. त्याच्या घराण्याचा चहाच्या व्यापाराशी पूर्वीपासून संबंध होता. डोंगरातील लोक झुडूप कापून, कुऱ्हाडीने बारीक करून, लाकडी हातोड्यांनी ठेचून, ढिगात आंबवून व उन्हात वाळवून जो माल आणीत, तो विकत घेऊन गिन्सबर्गने बाहेरच्या बाजारात पाठविला. दुसरा पीटर ल फ्रास नॉर्टियर. हा क्लॅनविल्यमचा जिल्हा वैद्यकीय अधिकारी होता. १९३० च्या सुमारास त्याने लागवडीचे प्रयोग केले. बियांचे कठीण कवच घासून पातळ केल्यास ती रुजतात, असे त्याला आढळून आले व त्यासाठी बी दगडी जात्यातून काढण्याची युक्ती योजण्यात आली. त्याने व पाखाउस डोंगराळ भागातील ओलॉफ बर्ग ह्या शेतकऱ्याने चांगल्या झुडपांची निवड केली आणि रानातील झुडूप शेतातील पीक झाले. स्टेलनबॉश विद्यापीठाने १९४८ साली नॉर्टियरला सन्मान्य पदवी देऊन गौरविले.

ह्या दोघांचे कर्तृत्व नाकारण्याचे कारण नाही. मात्र त्यांच्या वृत्तांतातच तिसऱ्या पक्षाचे पाऊल उमटलेले आहे. गिन्सबर्गने जो माल घेतला तो तयार माल होता. म्हणजे कापणीचा हंगाम, ठेचण्याची व आंबविण्याची क्रिया, ती केव्हा पुरी झाली हे रंगावरून व वासावरून ओळखण्याची हातोटी, हे सर्व त्याच्या आगमनापूर्वी डोंगरातील लोकांजवळ होते. पुढे ह्या क्रियेत यंत्रे आली, पण तिचा क्रम तोच राहिला. कापणे, ठेचणे, ओले करून ढीग घालणे आणि उन्हात पसरणे, ह्या चार पायऱ्या आजच्या कारखान्यांतही मोडल्या गेलेल्या नाहीत.

नॉर्टियरच्या प्रयोगांविषयीही अशीच एक कथा क्लॅनविल्यमच्या परिसरात सांगितली जाते. बी गोळा करणाऱ्या स्थानिक लोकांस तो आगपेटीभर बियांमागे पाच पौंड देत असे. एक खोई स्त्री इतरांपेक्षा फार अधिक बी आणू लागली. विचारता तिने सांगितले की, रॉयबॉसचे बी ओढून नेणाऱ्या मुंग्यांचा माग काढीत गेल्यास त्यांच्या वारुळात बियांचा साठा सापडतो. कथेच्या अनेक पाठांत ह्या स्त्रीचे नावही येत नाही. कथेचा तपशील तंतोतंत खरा मानावा की नाही, हे प्रत्येक अभ्यासकाने आपल्या कसोटीने ठरवावे. परंतु उद्योगाने स्वतःच्या जन्माची म्हणून जी कथा जपली, तीतच निर्णायक ज्ञान एका खोई स्त्रीकडून आले असे सांगितले आहे, ही गोष्ट अर्थपूर्ण आहे. बी मिळण्याची अडचण तिने सोडविली व बी रुजण्याची अडचण नॉर्टियरने सोडविली. एकास पदवी मिळाली. दुसरीच्या वाट्यास आख्यायिका आली.

६

लागवड साध्य झाल्यावर रॉयबॉसचा इतिहास जमिनीच्या इतिहासात मिसळून जातो. दुसऱ्या महायुद्धात आशियातील चहाची आयात अडखळली तेव्हा रॉयबॉसची मागणी वाढली. युद्ध संपताच बाजार कोसळला. ह्या संकटातून १९४८ साली क्लॅनविल्यम येथे उत्पादकांची सहकारी संस्था निघाली, आणि १९५४ साली शासनाने नियंत्रण मंडळ नेमून खरेदी-विक्रीची मक्तेदारी त्याच्याकडे सोपविली. ही वर्षे वर्णभेदाच्या राजवटीच्या आरंभाची होत. १९५० च्या वस्तीविभाजनाच्या कायद्याने कोणी कोठे राहावे व कोणी कोठे जमीन घ्यावी, हे वर्णावरून ठरू लागले. पीक वाढविण्यास जमीन हवी आणि ती प्रामुख्याने गोऱ्या शेतकऱ्यांकडे होती. यामुळे रॉयबॉस रानातून शेतात गेला, तसा तो एका समाजाच्या हातून दुसऱ्या समाजाच्या हातीही गेला.

ऱ्हेनिश मिशनऱ्यांनी १८३० साली स्थापन केलेले वुपर्थाल हे गाव ह्या दृष्टीने लक्षणीय आहे. १९६५ साली ते मोरेव्हियन चर्चकडे आले. तेथील खोईवंशीय कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या रॉयबॉस गोळा करीत व पुढे पिकवीत आली; परंतु जमीन चर्चच्या मालकीची राहिली. नियंत्रण मंडळाची व्यवस्था १९९३ साली संपुष्टात आली व वर्णभेदाची राजवट १९९४ साली संपली. त्यानंतर वुपर्थालच्या आणि उत्तरेकडील सौद बोक्केफेल्डच्या लहान उत्पादकांनी स्वतःच्या सहकारी संस्था काढल्या. सौद बोक्केफेल्डच्या ‘हायवेल्ड’ संस्थेने रानटी रॉयबॉसची मर्यादित तोड करून तो परदेशांतील न्याय्य व्यापाराच्या बाजारात पाठविला. कोणते झुडूप वणव्यानंतर फुटते, त्यास किती वर्षे विश्रांती द्यावी, अवर्षणात कोणते टिकते, हे तेथील वृद्धांचे ज्ञान ह्या व्यवसायास आधारभूत ठरले. ३० डिसेंबर २०१८ रोजी वुपर्थालला मोठी आग लागून गावाचा बराच भाग भस्मसात झाला. वस्तीचे हे दुर्बळपण लक्षात घेतल्यावाचून लाभाच्या वाटपाची चर्चा पुरी होऊ शकत नाही. सबंध उद्योगाच्या मानाने ह्या लहान उत्पादकांकडील जमिनीचा व उत्पादनाचा वाटा अत्यल्पच राहिला आहे.

ह्याच काळात रॉयबॉसच्या नावाविषयी निराळा संघर्ष चालू होता. १९९४ साली ‘रॉयबॉस’ हा शब्द अमेरिकेत एका खाजगी व्यापारचिन्हाच्या रूपाने नोंदला गेला. म्हणजे झुडुपाच्या मायदेशातील उत्पादकांसही त्या देशात आपला माल त्याच्या नावाने विकणे अडचणीचे झाले. हा वाद २००५ साली मिटला. २०१६ साली युरोपीय संघ व दक्षिण आफ्रिकी देश ह्यांच्यातील आर्थिक करारात ह्या नावास संरक्षण मिळाले, आणि २०२१ साली युरोपीय संघाने त्याची संरक्षित उत्पत्तिनाम म्हणून नोंद केली. हा मान मिळालेले ते आफ्रिकेतील पहिले उत्पादन होय. कोकणच्या हापूस आंब्यास २०१८ साली भौगोलिक निर्देशन मिळाले, त्यामागचे तत्त्वही हेच आहे. मात्र भौगोलिक नाव प्रदेशाचे रक्षण करते. त्या प्रदेशातील कोणत्या समाजाचा हक्क किती, ह्याविषयी ते मौन पाळते. नावावरील बाहेरचा दावा दूर झाला तरी प्रदेशातल्या प्रदेशातील दावा शिल्लक राहतो.

७

तो दावा २०१० साली पुढे आला. त्यास पूर्वपीठिका होती. हूडिया ह्या मांसल वनस्पतीच्या भूक मारण्याच्या गुणासंबंधी दक्षिण आफ्रिकेच्या संशोधन परिषदेने घेतलेल्या एकस्वावरून सान समाजाने हक्क मागितला होता व २००३ साली लाभवाटपाचा करार झाला होता. २००४ च्या जैवविविधता कायद्याने पारंपरिक ज्ञानाच्या धारकांस लाभाचा वाटा देणे बंधनकारक केले, आणि २०१० च्या नागोया मसुद्याने त्या तत्त्वास आंतरराष्ट्रीय मान्यता दिली. त्याच वर्षी सान परिषदेने रॉयबॉसविषयी शासनाकडे मागणी केली. पुढे खोई समाजाची परिषदही तीत सहभागी झाली. शासनाने करविलेल्या व २०१४ साली पुऱ्या झालेल्या अभ्यासाचा निष्कर्ष असा होता की, खोई व सान हे ह्या ज्ञानाचे धारक आहेत हा त्यांचा दावा नाकारता येईल असा पुरावा नाही.

ह्या निष्कर्षाची शब्दयोजना बारकाईने पाहण्यासारखी आहे. ‘दावा सिद्ध झाला’ असे तीत म्हटलेले नाही. ‘दावा खोटा ठरविणारा पुरावा नाही’ असे म्हटले आहे. अर्थात सिद्धतेचा भार दावा करणाऱ्यावरून काढून दावा नाकारणाऱ्यावर ठेवला गेला. लेखी साधनांचा कल ज्या समाजाविरुद्ध आहे, त्याच्या बाबतीत हा बदल न्याय्य मानता येईल. तथापि हा न्यायाचा निर्णय आहे, इतिहासाचा नव्हे, हा भेद विसरता कामा नये. दीर्घ वाटाघाटींनंतर नोव्हेंबर २०१९ मध्ये करार जाहीर झाला. शेतावरील खरेदीच्या किमतीच्या दीड टक्का इतकी रक्कम प्रक्रिया करणाऱ्यांनी द्यावी व ती खोई आणि सान ह्या दोन समाजांत विभागली जावी, असे ठरले. पहिला हप्ता २०२२ साली अदा झाला. तो एक कोटी बावीस लाख रँडांचा होता. ह्यानंतरही प्रश्न उरले. रक्कम परिषदांमार्फत गावापर्यंत कशी पोहोचावी, रॉयबॉसच्या प्रदेशात प्रत्यक्ष राहणाऱ्या कुटुंबांचा शब्द त्यात किती असावा, आणि जमिनीच्या वाटपातील विषमता दीड टक्क्याने कितपत भरून निघेल, हे वाद करारापाठोपाठ आले.

८

वरील विवेचनावरून असे दिसते की, दोन्ही पक्षांनी वाद ज्या प्रश्नाभोवती उभारला तो प्रश्नच अंशतः चुकीचा आहे. खोई व सान लोक युरोपीयांच्या आगमनापूर्वी रॉयबॉसचा ‘चहा’ पीत होते काय, ह्या प्रश्नास निश्चित उत्तर देण्याजोगी साधने नाहीत. शिवाय ‘चहा’ ही कल्पनाच केपमध्ये डच कंपनीच्या जहाजांनी आणली. कंपनीच्या गुलामांत बंगाल, मलबार व कोरोमंडल किनाऱ्यांवरून, तसेच इंडोनेशिया व मादागास्करहून आणलेले लोक होते. पाने आंबवून, उकळून, दूध घालून पिण्याची रीत ह्या मिश्र समाजात, मळ्यांच्या स्वयंपाकघरांत व गुराख्यांच्या चुलींवर घडली असण्याचा संभव पुष्कळ आहे. ती वसाहतपूर्व असलीच पाहिजे, असा आग्रह धरल्यास आदिवासी समाजाचे ज्ञान केवळ प्राचीन असेल तरच ज्ञान, अन्यथा नव्हे, असे अनवधानाने मान्य केल्यासारखे होते.

ह्याउलट, ज्याविषयी पुरावा भक्कम आहे ते असे : १९०४ साली व्यापार सुरू झाला तेव्हा झुडुपाची ओळख, तोडीचा हंगाम व प्रक्रियेची संपूर्ण पद्धती डोंगरातील लोकांच्या हाती होती, आणि आंबविण्याच्या त्याच पद्धतीवर पुढचा व्यापार उभा राहिला. बियांच्या शोधात स्थानिक लोकांचा सहभाग होता. रानटी प्रकारांचे ज्ञान त्यांनी एकविसाव्या शतकापर्यंत जतन केले. ह्या लोकांत खोई व सान ह्यांचे वंशज मोठ्या संख्येने होते, ह्याविषयी शंका नाही. हा दावा प्राचीनत्वावर अवलंबून नाही; तो श्रमावर व निरीक्षणावर अवलंबून आहे, आणि म्हणूनच थुन्बर्गच्या एका संदिग्ध वाक्याहून तो अधिक स्थिर पायावर उभा आहे. शेतांतील लागवड एकाच जलद वाढणाऱ्या प्रकारावर अवलंबून असताना आणि २०१५ ते २०१७ सारखी दीर्घ अवर्षणे पश्चिम केपने अनुभवली असताना, तग धरणाऱ्या रानटी प्रकारांच्या ह्या ज्ञानाचे मोल केवळ ऐतिहासिक राहिलेले नाही.

इतिहासाच्या अभ्यासकास ह्यातून दुहेरी सावधगिरी शिकावयाची आहे. दुर्बळाच्या बाजूने बोलताना पुरावा ताणून चालणार नाही, कारण ताणलेला पुरावा तुटला की त्याबरोबर न्याय्य दावाही पडतो. आणि पुराव्याची शुद्धता राखताना, तो पुरावा कोणाच्या दप्तरात, कोणत्या हेतूने जमा झाला, हे विचारल्यावाचून राहता येणार नाही. सीडरबर्गच्या ह्या झुडुपाबाबत दप्तरांनी शास्त्रज्ञाचे नाव, व्यापाऱ्याचे वर्ष व मंडळाचा कायदा जपून ठेवला. ठेचण्याच्या, आंबविण्याच्या व बी शोधण्याच्या ज्ञानाची नोंद मात्र प्रत्यक्ष कृतीतच राहिली. अशा कृतीला साधन मानून तिचे वाचन करणे, हे काम इतिहासशास्त्राने अजून पुरेशा गांभीर्याने हाती घ्यावयाचे आहे.